प्रिय सुमे, अप्पाकाकाबद्दल

लेस्टर, नोव्हेंबर 2025
पहाटेचे सव्वातीन

प्रिय सुमे,

अमेयच्या साखरपुड्याचे फोटो तू पाठवलेस त्याला आठ महिने झाले. मी नुसता एक अंगठा पाठवला आणि गप्प बसले. मुलगी गोड आहे, तुझी अंजिरी पैठणी तर फारच सुंदर. हे तेव्हाच लिहायला हवं होतं. रागावली असशील तर हक्क आहे तुझा. माझं बरं चाललंय, साखर काठावर आहे, गुडघा थंडीत बोलतो, श्रीकांत ठीक. झालं.

आता ज्यासाठी बसलेय ते. मंगळवारी मी एका डॉक्टरबाईंना अप्पाकाकाबद्दल सगळं सांगितलं. इंग्रजीत, कॉम्प्युटरसमोर बसून, सगळं. तेव्हापासून वाटतंय की हे कळेल असं माणूस जगात एकच उरलंय आणि ते रत्नागिरीला आहे.

पण मुळापासून सांगते.

माझी झोप गेली त्याला तीन वर्षं झाली. आई गेली त्या पावसाळ्यानंतरची गोष्ट. अकराला पडते, लगेच डोळा लागतो आणि दोनला टक्क जाग. मग खिडकी उजाडेपर्यंत तशीच. जूनमध्ये इथे पावणेपाचला सूर्य येतो, तेव्हा निदान बागेत जाता येतं. आता सातपर्यंत अंधार. दिवसभर शाळेच्या ऑफिसात आकडे डोळ्यांसमोर पोहतात. मागच्या महिन्यात एका पोराच्या जेवणाचे पैसे मी दोनदा कापून घेतले. त्याच्या आईसमोर उभी राहिले तेव्हा रडूच आलं.

इथल्या जीपीने, म्हणजे आमच्या फॅमिली डॉक्टरने, सगळं रीतसर केलं. रात्रभर बोटाला चिमटा लावून घोरण्याची तपासणी झाली, श्वास अडकत नाही असं निघालं. मग झोपेची सीबीटी, म्हणजे गोळ्यांशिवाय, सवयी आणि विचार बदलून करायचा उपचार. ती सोपी नाही गं. रात्री एकच्या आधी अंथरुणाला पाठ लावायची नाही आणि सहाला उठायचंच, झोप लागो न लागो. पहिले पंधरा दिवस मी भिंती धरून चालत होते. पण तिने खरंच फरक पडला, दोन महिने मी सलग पाच तास झोपले. मग रेवाची नोकरी गेली, घरात ताण आला आणि पुन्हा दोन वाजता डोळे उघडे. त्यानंतर झोपिक्लोन दिली, दोन आठवड्यांपुरती. नावातच झोप आहे, मी श्रीकांतला म्हटलं, ही गोळी आपल्याकडच्याच कुणी काढलेली दिसते. तो हसला नाही, पण तू हसशील. झोप आली तिने, मात्र दिवसभर तोंडात तांब्याचं भांडं चाटल्यासारखी चव, आणि सवय लागते म्हणून पुढे देत नाहीत. मग ॲमिट्रिप्टिलिन, अगदी थोडी. जीभ टाळूला चिकटायची. सोडली.

तेव्हा रेवाने क्लिनिकचं काढलं. ‘आई, कॅनबिस.’ मी चहा गाळत होते, गाळणी हातातच राहिली. कॅनबिस म्हणजे गांजा हे मला कळत होतं, तिला वाटलं कळलं नाही, म्हणून ती समजावत बसली. 1 नोव्हेंबर 2018 पासून इथे डॉक्टरच्या चिठ्ठीवर ते कायदेशीर आहे. साधा जीपी सुरू करू शकत नाही, तज्ज्ञांच्या नोंदवहीत नाव असलेलाच डॉक्टर लागतो. एनएचएसमध्ये, म्हणजे इथल्या सरकारी आरोग्यसेवेत, ते काही अवघड अपस्मारांना, मल्टिपल स्क्लेरोसिसच्या आखडलेल्या स्नायूंना, केमोथेरपीतल्या उलट्यांना मिळतं. झोपेसाठी नाहीच म्हणायचं. म्हणून लोक खाजगी क्लिनिकात जातात, पदरचे पैसे भरून. महिन्याचा हिशेब मी मांडला, आमच्या वीज-गॅसच्या बिलाइतका होत होता.

मी दोन महिने नाही म्हटलं. का ते रेवाला सांगितलं नाही. तुला सांगायला नको.

पण सुमे, तीन वर्षं न झोपलेलं माणूस कशालाही हो म्हणतं. फॉर्म भरला. आधीचे किमान दोन उपचार करून झालेले असावे लागतात, माझे तीन होते, त्याचे कागद जीपीकडून गेले. जिभेखाली थेंब टाकायचं तेल असतं किंवा फूल असतं, ते एका यंत्रात तापवून वाफ घ्यायची. ओढायला कायद्याने बंदी आहे, चिठ्ठी असली तरी. चिलीम, छापी, ते ओलं फडकं, काही नाही. यंत्राचं चित्र पाहिलं तर मुलांच्या दम्याच्या यंत्रासारखं. गाडीचंही वाचलं. रक्तात टीएचसी, म्हणजे गांजातलं नशा आणणारं द्रव्य, लिटरमागे 2 मायक्रोग्रॅमच्या वर गेलं की गुन्हा. चिठ्ठी असली आणि गाडी नीट चालवत असलं तर कायद्यात बचाव आहे, पण रस्त्याच्या कडेला पोलिसाला ते समजावत उभं राहायचं. पुण्याचा बंड्या फोनवर म्हणाला, ‘ताई, कशाला एवढा खटाटोप, इथे वैद्याच्या चिठ्ठीवर विजयाच्या, म्हणजे भांगेच्या, गोळ्या मिळतात.’ खरंय त्याचं. भांगेच्या पानाला आपला 1985 चा कायदा गांजा मानत नाही, आणि जातिफलादि चूर्णात तर भांग पिढ्यान्‌पिढ्या आहेच. पण त्या गोळ्या इथे आणायच्या म्हणजे विमानतळावरच माझी वरात निघायची.

आणि मग फॉर्मच्या चौथ्या पानावर तो प्रश्न आला. जवळच्या नातेवाइकांत कुणाला सायकोसिस, स्किझोफ्रेनिया? म्हणजे भास-भ्रम होणारे मनाचे आजार.

मी ‘नाही’ला टिचकी मारली. हात थांबलासुद्धा नाही. अठ्ठावीस वर्षं हेच उत्तर दिलंय ना. अप्पाकाका गिरनारला गेले, संन्यास घेतला, पुढे कळलं नाही. श्रीकांतच्या घरच्यांना बाबांनी हेच सांगितलं, आणि तू तेव्हा माजघरात माझा हात धरून म्हणालीस, ‘निदान श्रीकांतला तरी सांग.’ मी तुला काय काय बोलले! तू नर्सबाई झालीस म्हणून आमच्या घराच्या वहीत नाक खुपसू नकोस म्हणाले. आणि त्याहून वाईट, ‘अप्पाकाकाला वेड्यांच्या इस्पितळात भरती केलं तेव्हा गांजा तूच लिहिलास त्या कागदावर’ म्हणाले. तू लग्नाला आली नाहीस. दीड वर्ष आपण बोललो नाही. तरीही अप्पाकाकाची शेवटची रात्र तू होतीस त्याच्याजवळ, ड्यूटी संपवून आली होतीस, आणि बाबा पोचायच्या आधी त्याच्या तोंडात पाणी तू घातलंस. याचे आभार मी कधीच मानले नाहीत.

त्या कागदावरून गेला आठवडाभर मी एकच वाचत बसलेय. इंग्रजांनी 1893 मध्ये गांजा-भांगेवर एक मोठा आयोग नेमला होता, पुढच्या वर्षी त्याचा अहवाल आला. तेव्हा सगळे म्हणत की हिंदुस्थानातली वेड्यांची इस्पितळं गांजाने भरलीत. आयोगाने त्या नोंदवह्याच उघडल्या. 1892 सालात भरती झालेल्यांपैकी 222 जणांपुढे कारण म्हणून गांजा-भांग लिहिलं होतं. एकेकाची चौकशी केली तर त्यातल्या 98 जणांतच ते मानण्यासारखं निघालं. बाकीच्यांचं? कारणाचा रकाना रिकामा ठेवायचा नाही, म्हणून आणणाऱ्या पोलिसाने सांगितलं तेच पुष्कळदा लिहिलेलं. हे वाचलं तेव्हा पहाटेचे चार होते आणि मला तू दिसलीस. बरोबर शंभर वर्षांनंतर, 1992 मध्ये, एकोणीस-वीस वर्षांची, निळ्या किनारीच्या साडीत, हातात पेन. बाबा म्हणाले ‘गांजा लिहा’ आणि तू लिहिलंस. तुझा काय दोष होता गं त्यात? रकाना होता, समोर वडीलधारं माणूस होतं. मी उगाच तेवढी वर्षं तो कागद तुझ्या नावावर ठेवला.

कारण आपल्या दोघींना माहीत होतं. बारावीच्या अभ्यासाला आपण आमच्या पडवीत जागायचो, आठवतं? दोन-अडीचला रहाटाचा आवाज यायचा. अप्पाकाका पाणी काढायचा आणि परत विहिरीत ओतायचा. पुन्हा काढायचा. पहिल्यांदा आपण हसलो, मग दोघी एका घोंगडीत गप्प. तेव्हा त्याने चिलमीला हातसुद्धा लावला नव्हता. गोसाव्यांबरोबर तो त्र्यंबकला गेला ते आपला निकाल लागल्यानंतर. म्हणजे आधी त्याची झोप गेली होती, सुमे. मग ते फक्त त्यालाच ऐकू येणारे, कुजबुजणारे लोक आले, आणि गांजा सगळ्यात शेवटी.

आता कळलं ना मी दोन महिने का नाही म्हणत होते? मी दोनला उठते. तोही दोनला उठायचा. स्वयंपाकघरात नळ सोडते आणि मला रहाट ऐकू येतो. खरा नव्हे, आठवणीतला, हे मला नीट कळतं. पण त्यालाही सुरुवातीला नीट कळत असेल, असं मनात येतं आणि मग उरलेली रात्र जाते.

मंगळवारी डॉक्टरबाई पडद्यावर आल्या. मानसोपचारतज्ज्ञ, माझ्याच वयाच्या. सगळे कागद पाहिले होते. आणि फॉर्मवर ‘नाही’ असताना त्यांनी तो प्रश्न पुन्हा विचारला, तोंडी. एकदा विचारून थांबल्या. मी म्हटलं, माझ्या वडिलांचा सख्खा भाऊ. आणि मग थांबताच येईना. विहीर, पडवी, त्र्यंबक, रत्नागिरी, 1999. रहाटाला इंग्रजी शब्द सुचेना तर मी हाताने फिरवून दाखवला. त्यांनी मधे एकदाही घाई केली नाही. मी खोटं भरलं म्हणून बोलल्या नाहीत, फक्त म्हणाल्या, आता सांगितलंत ते बरं केलंत.

औषध दिलं नाही त्यांनी. रक्ताच्या नात्यात असा आजार असेल तर टीएचसी असलेलं काही त्या देत नाहीत. त्याने सायकोसिसचा धोका वाढतो, आणि माझ्या वयाला तो कमी असला तरी झोपेसाठी तो पत्करावा असं त्यांना वाटत नाही. नुसतं सीबीडी, म्हणजे त्यातलंच नशा न आणणारं द्रव्य, देता येईल, पण झोपेसाठी त्याचा पुरावा तुटपुंजा आहे, त्यापायी मी दरमहा पैसे घालू नयेत. क्लिनिकच्या डॉक्टरने असं सांगावं याचं मला नवल वाटलं आणि आदरही. टीएचसीने आधी झोप लवकर लागते, मग अंगवळणी पडतं, जास्त लागतं, स्वप्नांची झोप दबते, आणि सोडलं की स्वप्नं लोंढ्यासारखी येतात, हेही सांगितलं. जीपीला चिठ्ठी दिली आहे. डॅरिडोरेक्संट म्हणून गोळी आहे, 2023 मध्ये इथल्या नाइसने, म्हणजे एनएचएसमध्ये कुठली औषधं द्यायची ते ठरवणाऱ्या संस्थेने, मंजूर केलेली, सीबीटी करूनही झोप न येणाऱ्यांसाठी. गुरुवारी जीपीकडे जाणार आहे.

मग मी विचारलंच. आधी काय, आजार की गांजा? त्या म्हणाल्या, आता कुणीच खात्रीने सांगू शकणार नाही. आजार उघडा पडायच्या आधी झोप उडते, संशय येतो, आणि त्या दिवसांत काही जण गांजा ओढतात तो शांत वाटावं म्हणून. पुढे त्यानेच ते वाढतं.

शांत वाटावं म्हणून. सुमे, तो आपल्याला काय म्हणाला होता? त्र्यंबकहून आला तेव्हा, खळ्यात, बाबा त्याला फोकाने मारत होते आणि आपण दोघींनी त्याला ओढून आत आणलं. ‘पोरींनो, ह्याने डोकं गप्प होतं गो.’ तू त्याच्या पाठीला हळद लावत होतीस. ऐकलं होतंस ना तूही? तो झोपेसाठी ओढत होता गं. मी क्लिनिकात मागायला गेले तेच तो मागत होता. मला चार पानांचा फॉर्म मिळाला, ऐकून घेणारी बाई मिळाली. त्याला फोक मिळाला.

श्रीकांत शेजारच्या खोलीत होता. दार पातळ आहे, त्याने सगळं ऐकलं. मी बाहेर आले तर चहा ठेवला होता त्याने. बराच वेळ काही बोलला नाही. मग विचारलं, ‘त्यांचं खरं नाव काय होतं?’ मी म्हटलं, विनायक. आमच्या घरात ते नाव कधी घेतलंच गेलं नाही याची मला तेव्हा जाणीव झाली. बाकी तो अजून गप्पच आहे. रागावलाय की दुखावलाय कळत नाही. लग्नाआधी सांगितलं असतं तर काय म्हणाला असता तेही विचारायचं धैर्य होत नाही. तुझं तेव्हा बरोबर होतं, आणि हे मी त्यालाही सांगितलं. रेवाला रविवारी सांगणार आहे. तिला तर सांगायलाच हवं, तिच्या कॉलेजातली पोरं काय काय ओढतात ते ती हसत सांगायची.

तुझ्या रिटायरमेंटचं राहिलंच. इतक्या वर्षांच्या रात्रपाळ्यांनंतर तुला तरी झोप येते ना? भाऊजींच्या मोतीबिंदूचं काय झालं? अमेयच्या लग्नाची तारीख ठरली की पहिल्यांदा मला कळव, या वेळी मी येणार, आणि तू माझ्या लग्नाला आली नव्हतीस याचा हिशेब मांडणार नाही.

एक विचारायचंय. त्या कागदावर तू ‘गांजा’ लिहिलंस, पण त्याच्याखाली अजून एक ओळ होती असं मला पुसट आठवतं, तुझ्याच अक्षरातली. बाबांनी सही करताना त्यावर बोट ठेवून तुला काहीतरी विचारलं होतं. काय होतं ते? झोपेबद्दल होतं का?

आठवलं तर पत्र लिहीत बसू नकोस, फोन कर. तुझे सकाळचे साडेसात म्हणजे माझे दोन. मी जागीच असते.

तुझी,
वासंती