'स्टॉल' म्हणजे इंजिन बंद पडणं नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या रविवार पुरवणीतलं 'विमान उडतं कसं?' हे पान वाचलं. छपाई सुरेख, कागदही नेहमीपेक्षा बरा. मजकुराबद्दल मात्र तसं म्हणवत नाही.

आधी त्या चित्राबद्दल. पंखाचा आडवा छेद, वरून-खालून जाणारे निळे बाण आणि खाली ओळ : 'वरच्या हवेला लांबचा पल्ला असल्याने खालच्या हवेला गाठण्यासाठी ती वेगाने धावते.' का हो धावते? पंखाच्या पुढच्या कडेला वेगळे झालेले हवेचे दोन कण मागच्या कडेला एकाच क्षणी भेटलेच पाहिजेत, हे ठरवलं कुणी? जत्रेत चुकलेली भावंडं आहेत का ती? विंड टनेलमध्ये (हवेचा झोत सोडून चाचणी घेतात त्या बोगद्यात) धुराच्या रेषा सोडून पाहिलं, तर वरची हवा खालच्या हवेच्या आधीच मागच्या कडेपलीकडे गेलेली दिसते. थांबत नाही, भेटत नाही. नासानंसुद्धा विद्यार्थ्यांसाठीच्या आपल्या पानांवर हा सिद्धांत 'चुकीचा' असा शिक्का मारूनच ठेवला आहे.

धूर नको असेल तर गणित घ्या. सेस्ना १७२ हे चार आसनांचं विमान. कमाल वजन १,१११ किलो, पंखांचं क्षेत्रफळ १६.२ चौरस मीटर, वेग ताशी १८० किलोमीटर धरू. अशा पंखाची वरची बाजू खालच्या बाजूपेक्षा फार तर दोनेक टक्के लांब असते. तुमच्या लेखाप्रमाणे वरची हवा दोन टक्के जास्त वेगानं गेली, तर वेग वाढला की दाब घटतो हे सांगणाऱ्या बर्नुलीच्या सूत्रानं मिळणारी उचल (ऊसतोडीची नव्हे, पंखाची) भरते जेमतेम १०० किलो. उरलेले हजार किलो कोण उचलतं? तेवढी उचल या हिशेबानं हवी असेल, तर पंखाची पाठ वीसेक टक्के लांब करावी लागेल. असा कुबड आलेला पंख कुठल्याही विमानतळावर शोधून दाखवा.

बर्नुलीचं काही चुकलेलं नाही. वरची हवा वेगानं जाते, तिथला दाब कमी होतो, हे सगळं खरं. चुकलं आहे ते 'का'चं उत्तर. पंख समोरून येणाऱ्या हवेशी थोडा कोन करून बसवलेला असतो. त्या कोनामुळे आणि बाकामुळे तो हवेला खाली वळवतो. हवा खाली ढकलली की पंख वर ढकलला जातो. दाबातला फरक आणि खाली वळलेली हवा या एकाच हिशेबाच्या दोन बाजू आहेत. तुमच्या चित्रात मात्र पंखामागचे बाण जसे आले तसेच आडवे, शिस्तीत निघून गेले आहेत. म्हणजे पंखानं हवेला काहीच केलं नाही, आणि तरी हवेनं त्याला उचललं! प्रत्यक्षात मोठं विमान मागे इतकी ढवळलेली आणि खाली बसत जाणारी हवा सोडतं, की 'हेवी' वर्गातल्या विमानामागून उतरणाऱ्या मध्यम विमानाला ५ आणि लहान विमानाला ६ सागरी मैलांचं अंतर राखावं लागतं.

पतंग घ्या ना. सपाट कागद, वरचा आणि खालचा पल्ला तंतोतंत सारखा, तरी संक्रांतीला आभाळ भरतं. उडवणारा सगळी अक्कल खर्च करतो ती कन्नी बांधण्यात, म्हणजेच कोन ठरवण्यात. राइट बंधूंच्या १९०३ सालच्या विमानाचा पंख तरी काय होता? लाकडी फासळ्यांवर ताणलेलं मलमलीचं कापड. पातळ, किंचित बाकदार, वर-खाली जवळजवळ सारखीच लांबी. (जाता जाता : त्यांचं पहिलं उड्डाण 'सायकलपेक्षाही संथ' होतं हा विनोद आवरायला हवा होता. १२ सेकंदांत १२० फूट म्हणजे ताशी ११ किलोमीटर, बरोबर. पण तो जमिनीच्या हिशेबानं. समोरून ताशी चाळीसेक किलोमीटरचं वारं होतं. पंखाला दोन्हींची बेरीज मिळते. जमिनीशी त्याला देणंघेणं नसतं.)

हे सगळं एकवेळ सोडून दिलं असतं. कित्येक शाळांत अजून हेच शिकवतात. पण पान संपता संपता २००९ सालच्या एअर फ्रान्स दुर्घटनेबद्दल 'इंजिने स्टॉल झाल्याने विमान अटलांटिकमध्ये कोसळले' असं छापलं आहे, ते सोडवत नाही. अनुवादकानं 'स्टॉल' शब्द पाहिला, सिग्नलला क्लच सोडताना बंद पडणारी गाडी आठवली आणि मोकळा झाला.

विमानाचा स्टॉल हा पंखाचा असतो. पंखाचा हवेशी कोन वाढवत नेला की उचल वाढते, पण साधारण १५ अंशांपर्यंतच. त्यापुढे वरची हवा पंखाच्या पाठीला धरून राहत नाही, सुटते, तिचे भोवरे होतात. उचल घटते आणि अडथळा एकदम वाढतो. इंजिनाचा इथे संबंध नाही. इंजिनातही 'कंप्रेसर स्टॉल' नावाचा प्रकार असतो, पण तिथेही हवा सुटते ती छोट्या छोट्या पात्यांवरून, आणि त्या दिवशी तो झालेला नव्हता.

त्या दिवशी, १ जून २००९ रोजी, रिओहून पॅरिसला निघालेलं एअरबस ए-३३० हे विमान ३५,००० फुटांवर होतं. वेग मोजणाऱ्या पिटो नळ्यांत बर्फाचे कण अडकले. अडकले तेही एखादं मिनिटच. वेगाचे आकडे विसंगत झाले म्हणून ऑटोपायलट सुटला. सूत्रं हाती असलेल्या वैमानिकानं स्टिक (नाक वर-खाली करणारी दांडी) मागे ओढली, विमान ३८,००० फुटांच्या आसपास चढलं, वेग गमावला आणि पंख स्टॉल झाले. 'स्टॉल, स्टॉल' हा इशारा सलग ५४ सेकंद वाजला. नाक वर होतं, विमान मात्र खाली जात होतं, त्यामुळे हवा पोटाखालून येत होती आणि पंखाचा तिच्याशी कोन ३५ अंशांच्या वर गेला होता. इंजिनं शेवटपर्यंत चालू होती, मागितली तेवढी शक्ती देत होती. त्या शक्तीनिशी विमान शेवटी मिनिटाला जवळपास ११,००० फूट या वेगानं खाली येत होतं. ऑटोपायलट सुटल्यापासून समुद्रापर्यंत ४ मिनिटं २३ सेकंद, २२८ माणसं.

यातली खरी भयंकर गोष्ट तुमच्या पानावर आलीच नाही. मोजलेला वेग ६० नॉटच्या (ताशी सुमारे ११० किलोमीटरच्या) खाली गेला की संगणक कोनाचे आकडे अविश्वसनीय समजून स्टॉलचा इशारा बंद करत असे. म्हणजे स्टिक मागे ओढली की गोंगाट थांबायचा आणि नाक खाली केलं, जे करायलाच हवं होतं, की वेग थोडा वाढून इशारा पुन्हा सुरू! योग्य कृतीला शिव्या आणि चुकीच्या कृतीला शांतता. समुद्राच्या तळाशी, सुमारे ३,९०० मीटर खोलीवर, २०११ साली विमानाचे रेकॉर्डर (ब्लॅक बॉक्स) सापडले तेव्हा हा क्रम उलगडला, आणि २०१२च्या फ्रेंच तपास अहवालात तो सेकंदासेकंदानं दिला आहे. स्टॉलमधून सुटण्याची पहिली पायरी जोर वाढवणं ही नाहीच. आधी नाक खाली, कोन कमी, हवा पंखाला पुन्हा धरू द्यायची, मग जोर. पंखाखाली टांगलेली इंजिनं एकदम पूर्ण जोरानं चालवली तर नाक उलट आणखी वर जातं. 'इंजिने स्टॉल झाली' असं लिहिलं की हे सगळं एका फटक्यात पुसलं जातं.

आता याच्या उलट बाजू. त्याच पानावर : 'इंजिन बंद पडले की विमान दगडासारखे खाली येते.' दगड ३५,००० फुटांवरून दीडशे किलोमीटर तरंगत जात नाही. जेट विमान जातं. रोजच्या उतरणीतही इंजिनं जवळजवळ रिकामीच फिरत असतात. हजार फुटांमागे तीन सागरी मैल असा ढोबळ हिशेब धरतात, म्हणजे ३५,००० फुटांवरचं विमान मुक्कामाच्या दोनेकशे किलोमीटर आधीच उतरायला लागतं. केबिनमध्ये आवाज अचानक मऊ होतो तो तेव्हाच.

आणि दोन्ही इंजिनं खरोखर थांबली तर? २३ जुलै १९८३, एअर कॅनडाचं बोइंग ७६७, माँट्रियलहून ओटावामार्गे एडमंटनला. इंधनाचे काटे बंद, म्हणून हिशेब हातानं केला. हवं होतं २२,३०० किलो, टाकीत होतं ७,६८२ लिटर. लिटरचे किलो करायला ०.८०३ नं गुणायचं, ते गुणलं १.७७ नं. तो आकडा पौंडांचा होता. त्यामुळे २०,०८८ लिटरऐवजी ४,९१७ लिटर भरलं गेलं आणि विमान २२,३०० किलोंऐवजी २२,३०० पौंड इंधन घेऊन निघालं, म्हणजे निम्म्याहून कमी. ४१,००० फुटांवर असताना ते संपत आलं. उतरायला सुरुवात केल्यावर थोड्याच वेळात दोन्ही इंजिनं शांत. पोटाखालून एक छोटी वाऱ्यावर फिरणारी चक्की आपोआप बाहेर आली आणि तिनं नियंत्रणापुरता हायड्रॉलिक दाब दिला. सहवैमानिकानं मोजलं : दहा सागरी मैलांत ५,००० फूट उतरतोय, म्हणजे एकास बारा. कप्तान बॉब पिअर्सन ग्लायडर चालवणारे होते. गिमली इथल्या हवाईदलाच्या जुन्या धावपट्टीवर उंची जास्त होते असं दिसताच त्यांनी ते अजस्र विमान आडवं तिरकं घसरवून उंची मारली आणि टेकवलं. पुढचं चाक खाली येऊन पक्कं बसलं नाही, नाक घासलं, ६९च्या ६९ माणसं जिवंत.

तर इंजिनं धडधडत असलेलं विमान पडलं, आणि मेलेलं सुखरूप उतरलं. फरक पंखाच्या कोनात होता.

शेवटी ती जेआरडी टाटांवरची चौकट. 'मुंबईहून कराचीला पहिली प्रवासी सेवा, १९३२' असं त्यात आहे. तीन दावे, त्यातला फक्त सालाचा बरोबर. १५ ऑक्टोबर १९३२ रोजी ते कराचीहून निघून अहमदाबादमार्गे जुहूला उतरले, आणि सोबत प्रवासी नव्हते, टपालाच्या थैल्या होत्या. पुढे बळ्ळारीमार्गे मद्रासला ते टपाल नेव्हिल व्हिन्सेंट यांनी नेलं. वर फोटो छापला आहे चार इंजिनांच्या, शेपटावर तीन उभे पंख असलेल्या कॉन्स्टेलेशन विमानाचा! ते विमान घेऊन एअर इंडिया इंटरनॅशनल लंडनला निघाली ८ जून १९४८ला. सोळा वर्षांचा फरक आहे, फोटोखालची ओळ लिहिणाऱ्याला तो दिसू नये?

दुरुस्ती छापणार असाल, तर आतल्या पानावर 'अनवधानाने' अशी दोन ओळींची बोळवण नको. चित्र नवं काढा, पंखामागचे बाण खाली वळवा. आणि जेआरडींच्या चौकटीत त्यांनी त्या दिवशी चालवलेल्या पुस मॉथ विमानाचा फोटो लावा : एकच इंजिन, पंख छताच्या उंचीवर, चाकं आत न जाणारी.

आपला,
एक वाचक, डोंबिवली