विषय : ‘खेळातल्या घटनांना प्रतिसाद देणारा’ कीबोर्ड-माउस संच प्रतिसाद देत नसल्याबद्दल आणि तुमच्या सॉफ्टवेअरमधल्या खोट्या हिरव्या खुणेबद्दल तक्रार

प्रति,
व्यवस्थापक,
ग्राहक सेवा विभाग

महोदय / महोदया,

स. न. वि. वि.

या विषयावर तुमच्या मदत कक्षाला मी आजवर सहा वेळा लिहिलं. सहाही वेळा उत्तर आलं, तत्परतेने आलं, आणि सहाही वेळा त्यात एक सल्ला होताच : सॉफ्टवेअर काढून पुन्हा इन्स्टॉल करा. पहिले चार वेळा मी ते निमूटपणे केलं. पाचव्या वेळी दोष कुठे आहे ते स्वतःच शोधून काढलं आणि सहाव्या पत्रात कळवलं. त्यावरही उत्तर ‘पुन्हा इन्स्टॉल करा’ असंच आलं, म्हणून हे पत्र थेट तुम्हाला.

आधी मी हा संच का घेतला ते सांगतो, म्हणजे ‘दिव्यांचा लुकलुकाट नाही म्हणून रुसला’ असा समज व्हायला नको. मला डाव्या कानाने जवळजवळ ऐकू येत नाही. काउंटर-स्ट्राइकसारख्या गोळीबाराच्या खेळात (एका संघाने बॉम्ब लावायचा, दुसऱ्याने तो निकामी करायचा) अर्धा खेळ कानांवर चालतो. पावलांचा आवाज कुठल्या बाजूने आला हे मला कळत नाही आणि ते कळवायला मी कुठल्या कीबोर्डला सांगतही नाही. ती माहिती खेळ बाहेर देत नाही, देऊही नये. पण जे देतो तेवढं मला बोटांना आणि डोळ्यांच्या कडेला कळलं तरी पुष्कळ आहे : आरोग्य किती उरलं, काडतुसं संपत आली का, बॉम्ब लागला का. बॉम्ब लागताच माउस थरथरेल, एफ-१ ते एफ-१२ या बारा कळा आरोग्याचा पट्टा होतील, वरची अंकांची ओळ बॉम्बची वेळ मोजेल असं तुमच्या खोक्यावर चित्रासकट छापलंय. त्या चित्रासाठी मी हा संच घेतला.

संच जोडला, सॉफ्टवेअर टाकलं, यादीतून काउंटर-स्ट्राइक २ निवडला. समोर हिरवी खूण आणि ‘जोडले आहे’ ही अक्षरं उमटली. खेळ सुरू केला. आरोग्य शंभरावरून चौतीसवर आलं, बारा कळांपैकी चारच पेटलेल्या उरायला हव्या होत्या. प्रत्यक्षात कीबोर्डवर तीच इंद्रधनुष्याची लाट डावीकडून उजवीकडे संथपणे वाहत होती. मी मेलो तरी लाट चालूच. खिडकी बदलून सॉफ्टवेअर पाहिलं तर तिथे हिरवी खूण, ‘जोडले आहे’.

मग मदत कक्षाची फेरी सुरू झाली. पुन्हा इन्स्टॉल. यूएसबीचं दुसरं पोर्ट वापरून पाहा. व्हिडिओ पाठवा. पुन्हा इन्स्टॉल. एकांनी तर ‘खेळातली फसवणूकविरोधी यंत्रणा आमचं सॉफ्टवेअर अडवत असावी’ असं कळवलं. हे वाचून मात्र मी हादरलो, कारण हा संच तुम्ही बनवलाय आणि तो कसा चालतो हे तुमच्याच माणसाला ठाऊक नाही. इथे कुठलंही सॉफ्टवेअर खेळाच्या पोटात हात घालत नाही. खेळच आपणहून सांगतो. खेळ बनवणाऱ्या वॉल्व्ह कंपनीने याला गेम स्टेट इंटिग्रेशन हे नाव दिलंय आणि त्याची रीत उघडपणे लिहून ठेवली आहे. खेळाच्या सीएफजी, म्हणजे मांडणीच्या फायलींच्या, फोल्डरमध्ये ‘गेमस्टेट_इंटिग्रेशन_’ अशा नावाने सुरू होणारी एक साधी मजकुराची फाइल ठेवायची. त्या फायलीत पत्ता असतो, म्हणजे याच संगणकावरचा एखादा पोर्ट (प्रोग्रॅमने निरोप घ्यायचं क्रमांकाचं दार), आणि काय काय कळवायचं त्याची यादी. खेळ सुरू होताना ही फाइल वाचतो आणि मग काही बदललं की त्या पत्त्यावर जेसॉनमध्ये, म्हणजे प्रोग्रॅमना सहज वाचता येईल अशा ठरावीक साच्यात, मजकूर धाडतो. तुमच्या सॉफ्टवेअरने दारात उभं राहून तो घ्यायचा, एवढंच. अडवण्यासारखं यात काही नाही.

म्हणून मी तुमची फाइल शोधायला निघालो आणि ती सापडलीही, फक्त चुकीच्या घरात. जुन्या सीएस-गोच्या (काउंटर-स्ट्राइक : ग्लोबल ऑफेन्सिव्हच्या) काळात ही फाइल ‘सीएसगो’ फोल्डरच्या आतल्या ‘सीएफजी’मध्ये ठेवायची असे. २७ सप्टेंबर २०२३ रोजी काउंटर-स्ट्राइक २ आला आणि जुन्याची जागा त्याने घेतली. गंमत अशी की बाहेरच्या फोल्डरचं नाव अजूनही ‘काउंटर-स्ट्राइक ग्लोबल ऑफेन्सिव्ह’ असंच आहे, पण आत मध्ये एक पायरी वाढली : आधी ‘गेम’, मग ‘सीएसगो’, मग ‘सीएफजी’. तुमचं सॉफ्टवेअर ती पायरी न चढता फाइल जुन्याच ठिकाणी लिहितं. तिथे ती वाचायला कुणी येतच नाही. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

मी ती फाइल उचलून योग्य जागी ठेवली, खेळ बंद करून पुन्हा सुरू केला. पहिल्याच फेरीत बारा कळा हिरव्या झाल्या, एक गोळी लागली तशा उजवीकडून तीन विझल्या, आणि कुणीतरी ‘ए’ जागेवर बॉम्ब लावताच माउस तळहाताखाली थरथरला. खोटं कशाला सांगू, त्या क्षणी मी तुमच्यावरचा सगळा राग विसरलो होतो. तो आवाज मला इतक्या वर्षांत कधी वेळेवर ऐकू आलेला नाही. तळहाताला कळला. तुमच्या अभियंत्यांनी वस्तू चांगली बनवली आहे हे मी इथे मुद्दाम लिहून ठेवतो.

दुसऱ्या आठवड्यात तुमच्या सॉफ्टवेअरचं अपडेट आलं. त्याने ‘जुन्या फायलींची साफसफाई’ केली. माझी योग्य जागची फाइल उडाली, जुन्या जागी नवी करकरीत फाइल आली आणि पुन्हा ये रे माझ्या मागल्या. खूण अर्थातच हिरवी.

या खुणेचाच मला खरा राग आहे. फाइल चुकीच्या जागी जाणं ही चूक आहे. चुका होतात, खेळ बदलतात, तुमच्यामागे शंभर खेळांचं लचांड असेल. पण ‘जोडले आहे’ हे तुम्ही कशावरून म्हणता? मी तपासून पाहिलं. यादीत डोटा २ या दुसऱ्याच खेळाच्या नावापुढचं बटण सरकवलं. तो खेळ माझ्या संगणकावर नाहीच. तरी हिरवी खूण! डोटाला तर निराळं ‘गेमस्टेट_इंटिग्रेशन’ फोल्डर लागतं आणि खेळ सुरू करण्याच्या पर्यायांत एक शब्द जादाचा लिहावा लागतो. त्याबद्दल तुमचं सॉफ्टवेअर चकार शब्द काढत नाही. म्हणजे ती खूण ‘तुम्ही बटण दाबलं’ एवढंच सांगते. ते मला आधीच माहीत होतं, दाबलं मीच होतं.

मला चार वेळा इन्स्टॉल करायला लागलं ते या खुणेमुळे. ती लाल असती किंवा ‘खेळाकडून अजून काहीच आलेलं नाही’ एवढं जरी लिहिलेलं असतं, तरी मी पहिल्याच संध्याकाळी फाइलपाशी पोचलो असतो. आणि माझं सोडा, ज्याला फाइल म्हणजे काय हे बघायची सवय नाही तो माणूस आपलाच संगणक बिघडला असं धरून बसेल.

खरी खूण दाखवणं अवघड आहे असंही नाही. त्याच सीएफजी फायलीत ‘हार्टबीट’ नावाची एक ओळ आहे. खेळात काही घडत नसलं तरी अमुक सेकंदांनी ‘मी आहे’ असं कळवत राहा, अशी ती सूचना. तुमच्या फायलीत ती ओळ आहे, त्यापुढे ३० लिहिलंय. म्हणजे खेळ चालू असताना तीस-चाळीस सेकंद दारावर टकटक झाली नाही तर जोडणी नाही. हे तुमच्याच फायलीवरून तुम्हाला कळतं, फक्त पडद्यावर सांगायचं बाकी आहे.

आणखी एक गोष्ट. तुमच्या फायलीत पोर्ट ३००० कायमचा कोरलेला आहे. वेबसाइटची कामं करणाऱ्या कुणालाही विचारा, हा पोर्ट संगणकावर सर्रास दुसरंच काहीतरी अडवून बसलेलं असतं. माझ्याकडेही कामाचा एक प्रोग्रॅम तोच वापरतो. तो चालू राहिला की खेळाचा सगळा मजकूर त्याच्या दारात जाऊन पडतो आणि तुमचं सॉफ्टवेअर रिकाम्या हाताने हिरवं हसत राहतं. मोकळा पोर्ट शोधून तोच फायलीत लिहिणं हे चार ओळींचं काम असावं.

फाइल हाताने जागेवर ठेवल्यावर जे चाललं त्यातही दोन खोड्या आहेत. त्याही कळवतो, कारण फोल्डर दुरुस्त केलंत की लगेच पुढची तक्रार या दोन गोष्टींची येणार.

पहिली थोडी विनोदी आहे. फेरीत मी मेलो की पडदा माझ्या साथीदाराच्या नजरेतून दिसू लागतो, आणि खेळ ‘प्लेअर’ या सदराखाली आता त्या साथीदाराची माहिती धाडतो. हे बरोबरच आहे, तो पडद्यावरच्या खेळाडूचं सांगतो. पण मजकुरात ‘प्रोव्हायडर’ या सदरात माझा स्टीम क्रमांक (वॉल्व्हच्या स्टीम सेवेवरचा खातेक्रमांक) असतो आणि ‘प्लेअर’मध्ये ज्याला बघतोय त्याचा. दोन्ही जुळले तरच ते माझं आरोग्य. तुम्ही हे जुळवून पाहत नाही. परिणामी मी मरतो, आणि क्षणात कीबोर्ड माझं आरोग्य शंभर दाखवतो. मेल्यावर इतकी ठणठणीत प्रकृती इतर कुठे मिळायची नाही.

दुसरी मात्र हसण्यावारी नेण्यासारखी नाही. तुमच्या फायलीत ‘थ्रॉटल’ १ सेकंद ठेवलंय, म्हणजे एक निरोप पोचल्यावर खेळाने निदान सेकंदभर पुढचा निरोप धाडायचा नाही. आरोग्याच्या पट्ट्याला ते चालून जाईल. बॉम्बला नाही. स्पर्धात्मक खेळात बॉम्ब लागल्यापासून ४० सेकंदांनी फुटतो. निकामी करायला किट (त्यासाठीचं अवजार) असेल तर ५ सेकंद लागतात, नसेल तर १०. किती सेकंद उरले हे खेळ साध्या खेळाडूला कळवत नाही, त्यामुळे तुमची अंकांची ओळ निरोप आल्या क्षणापासून स्वतःच मोजते. निरोप सेकंदभर उशिरा आला तर मोजणीही तेवढीच मागे. अंकांच्या ओळीत अजून पाच सेकंदांचे दिवे शिल्लक दिसत होते म्हणून मी किट घेऊन वाकलो आणि बॉम्बसकट उडालो. एकदा नव्हे, तीनदा. मी माझ्या फायलीत तो आकडा ०.१ केला तेव्हापासून फरक दिसतो. तरीही त्या ओळीवर ‘अचूक वेळ’ असं लिहू नका, ‘अंदाजे’ लिहा. तिच्यावर किती विसंबायचं ते मग मी ठरवीन.

शिवाय खेळ मध्येच बंद पडला तर कीबोर्ड शेवटच्या रंगात अडकतो. परवा रात्रभर लालभडक होता. स्टीलसिरीज कंपनीच्या याच कामाच्या गेमसेन्स सॉफ्टवेअरमध्ये खेळाकडून १५ सेकंद काही आलं नाही की दिवे आपोआप नेहमीच्या रंगावर येतात, आणि हा आकडा त्यांनी सगळ्यांना वाचता येईल असा लिहून ठेवलाय. तुमच्याकडे असा काही आकडा आहे का, असल्यास किती, हे मला कुठेही सापडलं नाही.

आता मागणं. फोल्डरची दुरुस्ती कधी येणार याची तारीख मला कळवा. ती येईपर्यंत फाइल हाताने कुठे ठेवायची हे तुमच्या मदत पानावर टाका. मजकूर हवा असेल तर मी लिहून देतो, फुकट. पुढच्या अपडेटने ग्राहकाने ठेवलेली फाइल पुसू नये. हिरवी खूण एक तर खरी करा, नाहीतर काढून टाका. हे तीस दिवसांत होणार नसेल तर संच परत घेऊन पूर्ण पैसे द्या. परत करायची माझी इच्छा नाही हे वर लिहिलेल्या त्या माउसच्या थरथरीवरून तुमच्या लक्षात आलंच असेल, पण खोक्यावर छापलेलं चालवायला ग्राहकाला दर अपडेटनंतर फोल्डर उपसायला लावणं हे काही बरं नव्हे.

सोबत चार गोष्टी जोडल्या आहेत : तुमच्या सॉफ्टवेअरने चुकीच्या जागी लिहिलेली फाइल, मी दुरुस्त केलेली फाइल, खेळ प्रत्यक्षात काय धाडतो त्याची एका फेरीची नोंद, आणि न बसवलेल्या डोटासमोरच्या हिरव्या खुणेचं चित्र. मदत कक्षाशी झालेला सगळा पत्रव्यवहार माझ्या तक्रारीच्या क्रमांकाखाली तुमच्याकडे आहे.

हे पत्र वाचून ज्यांना फायलींतलं कळतं अशा कुणाकडे तरी ते पोचवा, एवढी विनंती. उत्तरात पुन्हा इन्स्टॉल करायला सांगू नये. मी करणार नाही.

कळावे,

आपला,
एक ग्राहक