वकीलनाना, मुदतीच्या आत आभार मानतेय

नाना,

घरी येऊन हे बोलायला लागलं की तुम्ही चहा मागवता, नातवाचं प्रगतिपुस्तक दाखवता आणि विषय तिथेच मिटतो. म्हणून चारचौघांत लिहितेय. इथे तरी तुम्हाला मध्येच तोडता येणार नाही.

तुमची माझी पहिली आठवण रागाची आहे. मी नववीत होते. शेजारच्या आळीतल्या एका शेतकऱ्याने सरकारने घेतलेल्या जमिनीचा मोबदला कमी मिळाला म्हणून भूसंपादन कायद्याच्या कलम १८ खाली ठाण्याच्या कोर्टात दाद मागितली होती. निकाल त्याच्या बाजूने लागला, मोबदला वाढला. आमचं शेत त्याच्या बांधाला लागून, एकाच अधिसूचनेत गेलेलं. बाबांना ही बातमी लागली एका हळदीत, निकालानंतर दीड वर्षाने. दुसऱ्या दिवशी ते तुमच्याकडे आले. मला सोबत आणलं, कारण घरात कागद वाचणारी मीच.

तुम्ही एकच प्रश्न विचारलात, "निकालाची तारीख काय?" उत्तर ऐकून चष्मा काढलात. मग सांगितलंत की १८९४ च्या भूसंपादन कायद्यात १९८४ साली कलम २८-अ घातलं गेलं. ज्याने कोर्टात दाद मागितली नाही, त्यालाही शेजाऱ्याच्या निकालावर बोट ठेवून वाढीव मोबदला मागता येतो. साधा लेखी अर्ज पुरतो. पण तो निकालापासून तीन महिन्यांत करायचा.

"आता काही होणार नाही," तुम्ही म्हणालात. फी घेतली नाहीत.

जिना उतरताना बाबा म्हणाले, "कसला वकील ह्यो, भांडायलाच तयार नाय." मलाही तसंच वाटलं. दुसरा एखादा असता तर त्याने वकीलपत्र भरून घेतलं असतं आणि बाबांना पाच वर्षं तारखांना फिरवलं असतं, हे कळायला मला स्वतःला काळा कोट चढवावा लागला.

पण तुम्ही चार दिवसांनी घरी आलात. बोलावणं नसताना. पडवीत बसून आजोबांचा सातबारा मागितलात आणि साडेबारा टक्क्यांचं काय केलं, असं विचारलंत. काहीच केलं नव्हतं. १९७० साली नवी मुंबई वसवायला सिडको ही सरकारी कंपनी आली. ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतल्या ९५ गावांच्या जमिनी नव्या शहरासाठी संपादनात घेतल्या गेल्या. जानेवारी १९८४ मध्ये जासईच्या आंदोलनात गोळीबार झाला, पाच जण गेले, आणि त्या रक्तावर पुढे १९९० साली साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याची योजना आली. आमच्या घरात एवढा इतिहास सगळ्यांना पाठ होता. अर्ज मात्र कुणीच केला नव्हता. बाबांची समजूत अशी की ज्याचं त्याला घरपोच मिळणार.

तुम्ही पाटीवर हिशेब मांडून दाखवलात. साडेबारातले पावणेचार टक्के सामाजिक सुविधांसाठी कापले जातात, हातात राहतात पावणेनऊ. म्हणजे शंभर गुंठे गेले असतील तर पावणेनऊ गुंठे. आजी आतून ओरडली, "गेली नाय जमीन, नेली!" तुम्ही म्हणालात, "नेली, आजी. पण त्यातली परत आणायची तर तुझ्या नवऱ्याचे वारस लिहून दे."

आणि खरं भांडण तिथे पेटलं.

बाबांनी दोन नावं सांगितली, स्वतःचं आणि काकांचं. तुम्ही पेन खाली ठेवलंत. "बहिणी किती?" तीन. "मग पाच नावं, आणि आजी धरून सहा." बाबांचा चेहरा मला अजून दिसतो. आमच्याकडे बहिणी हक्कसोडीवर अंगठा देतात, साडी-चोळी घेतात, विषय संपतो. तुम्ही आवाज चढवला नाहीत. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने मुलगी वारस आहे, ती सोडणार असेल तर सगळं समजून-उमजून सोडेल, मी कोर्टात खोटी वारस यादी देणार नाही, एवढंच म्हणालात. १८२७ च्या रेग्युलेशनखाली वारस दाखल्याचा अर्ज, जाहीर नोटीस, हरकतींची वाट, मग सिडकोत पात्रता, मग सोडत. सगळ्याला सहा वर्षं लागली. त्या काळात एक बिल्डर टोकनची थैली आणि कुलमुखत्यारपत्राचा तयार कागद घेऊन तीनदा येऊन गेला. बाबांनी सही केली नाही. तुमच्या धाकाने म्हणा, नाहीतर थोरल्या आत्याच्या. तिला एव्हाना आपलं नाव कागदावर असल्याचा चांगलाच कैफ चढला होता.

तुम्ही पालिकेच्या निवडणुकीला उभे राहणार असं कळलं तेव्हा कोर्टनाक्यावरचे लोक हसले होते म्हणे. चालती वकिली सोडून गटार-मीटरच्या भानगडीत कोण पडतं? मीही विचारलं होतं. तुम्ही जे सांगितलंत ते मी पुढे बऱ्याच ज्युनिअर मुलांना ऐकवलंय. माझ्यापर्यंत जो जिना चढून येतो त्याचं मी काही तरी करतो, पण तुझ्या बापासारखे निम्मे लोक जिन्याखालीच हरलेले असतात. त्यांना तारीखच माहीत नसते. ती सांगायची तर गावात बसलं पाहिजे.

जासईच्या आंदोलनाचे नेते दि. बा. पाटील हे तुमचं दैवत. नवी मुंबईच्या विमानतळाला त्यांचं नाव हवं म्हणून सगळे बोलत आलेत. तुम्ही दरवेळी आठवण करून देता की पाच वेळा आमदार आणि दोनदा खासदार झालेला हा माणूस मुळात वकील होता. मोर्च्याच्या पुढे चालायचं आणि हातातला कागदही पक्का ठेवायचा, दोन्ही त्यांना जमायचं. तुम्हाला पहिलं फारसं जमलं नाही, हे तुम्हीच कबूल करता.

२००५ ला तुम्ही निवडून आलात. पालिकेविरुद्धची जेवढी प्रकरणं हातात होती ती महिन्याभरात दुसऱ्या वकिलांकडे सोपवलीत, त्यातली दोन तर चांगल्या फीची होती. कुणीतरी हटकलं, आता वकिलीची सनद जमा करणार का? नगरसेवकाचं मानधन म्हणजे नोकरीचा पगार नव्हे, असं तुम्ही हसून सांगितलंत. आमदार-खासदारांच्या वकिलीवर बंदी घालता येत नाही, असं २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, तेव्हा ते कात्रण तुम्ही मला मुद्दाम पाठवलं होतं!

तुम्ही निवडून आलात तेव्हा मी बी. ए.च्या शेवटच्या वर्षाला होते आणि शनिवारी तुमच्या कार्यालयात अर्ज लिहायला बसायचे. बाहेर फळा. त्यावर रोज सकाळी तुम्ही स्वतः खडूने लिहायचात: प्रारूप मतदारयादीवर हरकत अमुक तारखेपर्यंत, मालमत्ता कराच्या नोटिशीला उत्तर तमुक तारखेपर्यंत, शिष्यवृत्तीचे अर्ज, अमक्या गावच्या भूसंपादनाचा निकाल लागला, २८-अ चे अर्ज या दिवसाच्या आत. वर्तमानपत्राच्या मधल्या पानावरच्या, मुंगीएवढ्या अक्षरातल्या जाहीर नोटिसा तुम्ही भिंगाने वाचायचात. महासभेत तुम्ही क्वचित बोलत होता. विषयपत्रिका मात्र आदल्या रात्री शेवटच्या गोषवाऱ्यापर्यंत वाचलेली असायची. एकदा एका ठेक्याच्या प्रस्तावातली रक्कम आकड्यांत एक आणि अक्षरांत दुसरी होती. तेवढं दाखवून तुम्ही खाली बसलात. विषय तहकूब. बातमी कुठेच आली नाही.

विरोधकांनी तुम्हाला "फळ्याचा नगरसेवक" नाव ठेवलं. २०१० ला तुम्ही चाळीसएक मतांनी पडलात. नाना, रागावू नका, पण त्यात तुमचीही चूक होती. हळदीला न जाणारा उमेदवार आपल्याकडे निवडून येत नाही. लोकांना अर्ज लिहून देणारा माणूस हवा असतोच, पण तो मांडवात अर्धा तास बसलेलाही हवा असतो. बाबांना कोर्टाच्या निकालाची बातमी शेवटी हळदीतच लागली होती ना?

निकालाच्या दुसऱ्या दिवशी मी तुमच्याकडे रडवेली होऊन आले, तर तुम्ही कोट घालून ठाण्याची लोकल पकडायला निघालेले. "तारीख आहे," म्हणालात. आणि जाता जाता, "एल. एल. बी.चे फॉर्म सुटलेत. शेवटचा दिवस मी फळ्यावर लिहिलाय, वाचलास का?"

वाचला नव्हता. तो फॉर्म, पहिल्या वर्षाची फी, बार परीक्षेच्या वेळी दिलेली तुमची जुनी पुस्तकं, या सगळ्याचे आभार एका ओळीत उरकते. तुम्हाला ते तसंच आवडेल.

२०२२ मात्र उरकता येत नाही. पालिकेच्या विकास आराखड्याचा मसुदा आला तेव्हा सभागृहाची मुदत संपून दोन वर्षं झाली होती. प्रशासक होते, नगरसेवक एकही नव्हता. कुणाच्या घरावरून रस्ता जातो, गावच्या कुठल्या मोकळ्या जागेवर आरक्षण पडलंय, हे विचारायला लोकांना दारच नव्हतं. सत्तरी ओलांडलेले तुम्ही, माजी नगरसेवक, देवीच्या मंडपात टेबल टाकून बसलात. फळा घरून आणला. मी नकाशा लावायची, तुम्ही बोटाने घर शोधून द्यायचात, मी हरकत लिहायची. अकराव्या दिवशी तुमचा आवाज बसला तर तुम्ही खडू माझ्या हातात दिलात. मी तारीख लिहिली. तुम्ही उठून माझा "९" पुसलात आणि नीट काढलात, कारण तो "१" सारखा दिसत होता.

आता मी विधी सेवा प्राधिकरणाच्या पॅनलवर आहे. उत्पन्न कितीही असो, बाईला तिथे मोफत वकील मिळतो, हे मी प्रत्येक हळदीत सांगते. हो, मी हळदीला जाते. निवडणुकीचं विचारणारे विचारतात. त्यावर तुमच्याशी निवांत बोलायचंय, चहा न मागवता.

धाकट्या आत्याचा निरोपही द्यायचा राहिला. वाट्याच्या पैशांतून तिने काकांच्या होडीला इंजिन घेतलं होतं, ते अजून चालतंय. ती म्हणते, खाडीत सध्या निवट्या चांगल्या मिळतायत, वकिलाला विचार कधी पाठवू. गुरुवार सोडून कुठलाही वार सांगा.

तुमची,
शनिवारची अर्ज लिहिणारी