शनिवारचा मूकपट : कातरीन एसलिंग

सभासदहो, या शनिवारी संध्याकाळी 6 वाजता नेहमीच्या सभागृहात फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रन्वारचा 1928 चा मूकपट ‘काडेपेट्या विकणारी मुलगी’ दाखवणार आहोत. रन्वारचं नाव सगळ्यांना ठाऊक आहे. पण यातली नायिका कातरीन एसलिंग पार विस्मरणात गेली, याचं वाईट वाटतं.

चित्रकार ऑग्युस्त रन्वारच्या अखेरच्या वर्षांत ती त्याची मॉडेल होती. 1920 मध्ये तिने त्याच्या मुलाशी, ज्याँशी, लग्न केलं. पांढराफटक चेहरा, काळेभोर डोळे, कळसूत्री बाहुलीसारखे झटके देत चालणं : ज्याँच्याच 1926 च्या ‘नाना’ या मूकपटात हा अभिनय अनेकांना भडक वाटला. मला तो धाडसी वाटतो. 1931 मध्ये ज्याँच्या ‘ला शिएन’ या बोलपटातली प्रमुख भूमिका तिला हवी होती. निर्मात्यांनी ती जानी मारेझ या अभिनेत्रीला दिली आणि संसारही मोडला. पुढे तिच्या वाट्याला मोजक्याच, किरकोळ भूमिका आल्या.

शनिवारचा चित्रपट छोटा आहे, तासाभराचाही नाही. त्यामुळे कृपया वेळेआधी दहा मिनिटं या. दिवे मालवल्यावर दार बंद राहील. मोबाइल पूर्ण बंद ठेवा. नंतर चर्चा आहे. सोबत एक पाहुणा आणता येईल, मात्र त्याचं नाव शुक्रवारपर्यंत इथेच कळवा.