डाव्या विंगेतला खिळा

पुणे,
१४ ऑक्टोबर

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

तुझा मेसेज काल रात्री प्रयोग उतरवून बसमध्ये बसलो तेव्हा वाचला. "यंदा स्पर्धेच्या नाटकात मला काम नाही, रंगमंच व्यवस्था बघ म्हणालेत." एवढंच लिहिलंस. पुढचं लिहिलं नाहीस, तरी मला ते कळलं. फोन करणार होतो, पण फोनवर तू "ठीक आहे रे" म्हणून विषय बदलला असतास. म्हणून सकाळी उठून पत्रच लिहायला घेतलं.

वाईट वाटणारच. कॉलेजात आपण दोघं एकाच विंगेत एंट्रीची वाट बघत उभे राहायचो आणि तुझा हात गार पडलेला असायचा. तो गारठा ज्याला ठाऊक आहे त्याला "तू मागचं बघ" असं सांगितलं की आत काहीतरी तुटतं. मीही पुण्यात नट व्हायलाच आलो होतो. एका व्यावसायिक नाटकाला प्रॉपर्टी, म्हणजे प्रयोगात लागणाऱ्या वस्तू, सांभाळायला माणूस हवा होता, नाइटवर, म्हणजे प्रयोगामागे, पैसे मिळणार होते, म्हणून उभा राहिलो. चार महिने काढू, मग काम मिळेल, असा हिशेब होता. आता मला कुणी भूमिका दिली तरी मी आधी विचारीन की विंगेत कोण आहे.

काकांबद्दल तुला मागे सांगितलं होतं. त्यांच्या हाताखाली मी पडद्यामागचं काम शिकलो. पहिल्या दिवशी त्यांनी मला काहीच शिकवलं नाही. म्हणाले, "तीन प्रयोग इथे खुर्ची टाकून बस. पाठ स्टेजकडे. फक्त ऐक." मला राग आला होता. पण तिसऱ्या प्रयोगाला माझ्या लक्षात आलं की एक बाई नेहमीपेक्षा घाईने बोलताहेत. काकांना सांगितलं, तर ते म्हणाले, "त्यांच्या घरी आजारपण आहे. आज त्यांच्या एंट्रीला दार तू धर." नाटक बघताना आपण चेहऱ्यांत गुंततो. नुसतं ऐकलं की श्वास ऐकू येतो, पाऊल कुठे पडलं ते कळतं, वाक्य गाळलं गेलं की कानाला ठेच लागते. तालमीत एक दिवस तूही असा बसून बघ.

आता वहीचं. ही तुझी खरी इस्टेट. संहितेचं एकेक पान मोठ्या वहीत उजव्या बाजूला चिकटव आणि डावं पान कोरं ठेव. कोण कुठून आला, कुठे बसला, ग्लास कुणाच्या हातात राहिला, सगळं त्या कोऱ्या पानावर. पेन्सिलनेच लिही, कारण दिग्दर्शक बदलणार, रोज बदलणार, आणि खोडलेल्या शाईतून रात्री दहा वाजता काही वाचता येत नाही. उजवी-डावी ही नटाची धरायची, प्रेक्षकांची नाही. हे पहिल्याच दिवशी सगळ्यांना सांगून टाक, नाहीतर अर्धी तालीम "कुठली उजवी?" यात जाते. प्रकाशाचा, संगीताचा प्रत्येक बदल ज्या शब्दावर आहे त्या शब्दाखाली रेघ मार, वाक्याखाली नको. "दार उघड ना" यातल्या "दार"वर दिवा येणार की "ना"वर, यात सगळा प्रसंग बदलतो.

आपल्याकडे पुष्कळदा लाइटवाला आणि म्युझिकवाला आपापल्या क्यू, म्हणजे बदल करायचे इशारे, वाक्य ऐकून स्वतःच घेतात. तिकडे इंग्लंड-अमेरिकेत वही घेऊन बसलेला माणूस प्रत्येक क्यू हेडफोनवरून सोडतो. आधी "स्टँडबाय", मग "गो", आणि तो "गो" शब्द एरवी तोंडातून काढायचाच नाही, चुकूनही. तुझ्या नाटकात इंटरकॉम मिळणार नाही हे धरून चाल, पण शिस्त तीच ठेव. क्यूच्या आधी अर्धं पान तुझं डोकं तिथे पोहोचलेलं हवं. इंग्लंडमधली आणखी एक रीत मला फार आवडते. ते नटांना "अर्धा तास" अशी हाक देतात ती पडदा उघडायच्या पस्तीस मिनिटं आधी. कारण पहिल्या प्रवेशाच्या नटांना पाच मिनिटं आधी जागेवर बोलावतात आणि अर्धा तास तिथून मागे मोजतात. आपल्या तीन घंटा आहेतच. मी पहिली घंटा देण्याआधी प्रत्येक मेकअप रूमच्या दारात स्वतः जातो, वेळ सांगतो आणि समोरच्याचं "हो" ऐकल्याशिवाय हलत नाही. तुमच्याकडे सगळे मित्रच आहेत, म्हणून हे जास्तच पाळ.

अंधाराचीही सवय करावी लागते. ब्लॅकआउटला टेबल फिरवायचं असेल तर दिवे जायच्या आधी दहा-बारा सेकंद डोळे मिटून घे. दिवे गेल्यावर उघडलेस की इतर चाचपडत असतात तेव्हा तुला कडा दिसू लागलेल्या असतात. पायरीच्या टोकाला, खुर्चीच्या मागच्या पायांशी रेडियमची पट्टी लाव, पण नखाएवढी. मोठी लावलीस तर पहिल्या रांगेला ती काजव्यांसारखी दिसते. कपडे काळे आणि पायात चप्पल नको. विंगेत उभं राहताना एकच नियम: तुला प्रेक्षक दिसला की त्याला तू दिसलास. बदल आधी उजेडात घड्याळ लावून करा, मग डोळे बांधून आणि शेवटी अंधारात. आमच्याकडे एक बदल चाळीस सेकंदांवरून अठरावर आला तो कुणी जोरात पळालं म्हणून नाही. दोघांनी एकच खुर्ची उचलायला जायचं बंद केलं, इतकंच.

प्रत्येक अंकाची वेळ लिहून ठेव. आमचा पहिला अंक शुभारंभाला ५८ मिनिटांचा होता. तिसाव्या प्रयोगाच्या सुमारास ६३ झाला. कुणी वाक्य वाढवलं नव्हतं. हशा आला की थांबायचं, तो अजून यावा म्हणून आणखी थांबायचं, असं करत पाच मिनिटं साचली होती. मी दिग्दर्शकांना फक्त आकडे दाखवले, मत दिलं नाही. आपल्या हातातला आकडा खरा असला की आवाज चढवावा लागत नाही.

कागदपत्रं संस्थेचा कुणीतरी बघेल म्हणून सोडू नकोस. लेखकाची परवानगी, संहिता तपासणाऱ्या परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र आणि मंजूर झालेली संहिता यांच्या प्रती तुझ्या पिशवीत हव्यात. आणि नाट्यगृहात पोहोचल्यावर पहिल्यांदा मागचं दार उघडतं का ते बघ. कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री जळालं तेव्हा तू मला रडत फोन केला होतास. शाहू महाराजांनी उभं केलेलं, १९१५ पासूनचं नाट्यगृह, आणि दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती. त्या रात्रीपासून मी सेट लावायच्या आधी बाहेर पडायच्या सगळ्या वाटा चालून बघतो. दाराशी लेव्हल्स, म्हणजे सेटचे लाकडी चौथरे, रचून ठेवलेल्या दिसल्या तर आधी त्या हलवतो, मग चहा. तूही बघ. तुझ्या भरवशावर पंधरावीस माणसं आत असतात.

तुम्ही भावे नाट्यमंदिरातच करणार ना? तिथे उभा राहशील तेव्हा एक आठव. १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी आपल्या सांगलीत 'सीतास्वयंवर' केलं तेव्हा पदं म्हणणारा सूत्रधार पूर्ण वेळ रंगमंचावरच असायचा. तो पदातून कथा पुढे न्यायचा आणि पात्रं आपापली भाषणं आयत्या वेळी करायची. नाटक हाकायचं कामच त्याचं. आज जाहिरातीत निर्मात्याच्या नावाजवळ 'सूत्रधार' असं छापतात तो प्रयोगाची व्यवस्था बघणारा माणूस असतो, आणि तो प्रेक्षकांना कधी दिसत नाही. शब्द तोच राहिला, माणूस तेवढा विंगेत सरकला. तुला हलकं काम दिलंय असं वाटेल तेव्हा हा शब्द मनात म्हण.

आता प्रॉपर्टीच्या टेबलाचं सांगतो, आणि त्याबरोबर माझ्या चुकीचं, जे तुला कधीच सांगितलं नव्हतं.

टेबलावर पांढरा कागद पसरायचा, प्रत्येक वस्तू त्यावर ठेवायची आणि तिच्या कडेने स्केचपेन फिरवायचं. चष्मा, काडेपेटी, औषधाची बाटली, किल्ल्यांचा जुडगा. मग नुसती नजर फिरवली तरी रिकामी आकृती ओरडून सांगते की मी इथे नाही. कागदावर न मावणाऱ्या वस्तूंसाठी खिळे. आमच्या नाटकात एक कोट होता. त्याच्या आतल्या खिशात पत्र. दुसऱ्या अंकाच्या शेवटी वडिलांचं काम करणारे नट डाव्या विंगेत यायचे, अंधारातच हात पुढे करायचे, कोट घ्यायचे आणि अंगात घालत परत आत जायचे. मोजून सहा सेकंद. बाहेरगावचा प्रयोग होता, आधीच्या नाटकाचा सेट उतरायला उशीर झाला होता, आणि मी घाईघाईत तो कोट उजव्या विंगेत टांगला.

त्यांनी हात पुढे केला. मी समोर उभा होतो. खिळ्यावर काही नव्हतं. तो हात हवेत तसाच राहिला, बोटं किंचित वाकलेली, कापड पकडायला तयार. माझ्या तोंडचं पाणी पळालं. ते तसेच आत गेले, कोटाशिवाय, आणि हातात नसलेलं पत्र त्यांनी तोंडपाठ म्हटलं. मुलाने आधीच फाडून टाकलंय, पण मला शब्दन् शब्द आठवतो, असं काहीतरी जोडून. प्रेक्षकांना पत्ता लागला नाही. टाळ्या आल्या.

प्रयोगानंतर मी माफी मागायला गेलो. ते मेकअप पुसत होते. "जेवलास का?" एवढंच म्हणाले. काकांनीही शब्द काढला नाही. मी बसमध्ये मागच्या सीटवर जाऊन बसलो आणि सबंध रस्ता डोळे उघडे ठेवून काढला.

पुढच्या प्रयोगाला ते अर्धा तास लवकर आले. थेट डाव्या विंगेत गेले, कोट चाचपला, खिशात हात घालून पत्र बघितलं आणि माझ्याकडे न बघता मेकअप रूममध्ये गेले. त्याच्या पुढच्या प्रयोगालाही तसंच. मला ते ओरडले असते तर सोपं गेलं असतं. मी रोज कोट तीनदा तपासायचो, पहिल्या घंटेआधी, मध्यंतरात आणि अंक निम्मा झाला की. खिळ्याभोवती रेडियमची पट्टी लावली, खाली चिठ्ठी चिकटवली. ते तरी यायचे. असे आठ प्रयोग झाले. मी मोजत होतो.

नवव्या प्रयोगाला पहिली घंटा झाली, दुसरी झाली, ते आलेच नाहीत. मला वाटलं बरं नाही की काय. डोकावून बघितलं तर आरशासमोर शांत बसले होते, चहा पीत. दुसऱ्या अंकाच्या शेवटी ते अंधारात आले, मागे न बघता हात पुढे केला, आणि मी कोट त्या हातात दिला.

वही, रेडियमची पट्टी आणि एक छोटी टॉर्च उद्या कुरिअरने पाठवतोय. टॉर्चला निळा जिलेटीन कागद लावलाय, तो काढू नकोस. रंगीत तालमीची तारीख कळव. त्या दिवशी प्रयोग नसेल तर रात्रीच्या एसटीने येतो आणि विंगेत तुझ्या शेजारी उभा राहतो. आईला नमस्कार सांग.

तुझाच,
दोस्त