एआयचं चित्र बघताना फोटो कुणाचे तेही विचारा

संपादक महोदय,

स.न.वि.वि. एआयने केलेल्या चित्रांवर तुमच्याकडे बरीच पत्रं येतायत, बटण दाबलं की चित्र तयार, यात कसली आलीय कला, असा एकूण सूर. मी ठाण्यात डीटीपी आणि फ्लेक्सची कामं करतो, पोटावर पाय आमच्याच येणारे, त्यामुळे राग कळतो. पण सगळ्यांना एका माळेत ओवू नका बुवा.

लंडनला ॲना रिडलर म्हणून आर्टिस्ट आहे. तिने 2018 मध्ये नेदरलँड्समध्ये ट्युलिपच्या सीझनमध्ये दहाएक हजार फोटो स्वतः काढले आणि प्रत्येक फुलाचा रंग कोणता, उमललंय की मिटलेलं, पाकळीवर रेघा आहेत का, हे सगळं हाताने लिहिलं, मग त्या फोटोंवर मशीनला शिकवलं आणि त्यातून असे ट्युलिप काढले जे कुठल्याच बागेत नाहीत, वर त्यांच्यावरच्या रेघा कमीजास्त होतात त्या बिटकॉइनच्या भावावर! सतराव्या शतकात तिकडे अशाच रेघांच्या ट्युलिपवर सट्टा लागला होता, आणि त्या रेघा यायच्या एका व्हायरसमुळे. आता याला बटण दाबणं कसं म्हणायचं? त्याच वर्षी न्यूयॉर्कला क्रिस्टीजच्या लिलावात पॅरिसच्या तिघांचं एआय पोर्ट्रेट 4,32,500 डॉलरला गेलं, शिकवायला जुनी 15,000 पोर्ट्रेट वापरलेली आणि कोडचा बराचसा भाग दुसऱ्याच एका पोराने नेटवर फुकट टाकलेला. दोन्ही एआयच, पण फरक आहे ना.

आपल्याकडचं सांगतो. मध्यंतरी एक काका सोसायटीच्या बॅनरसाठी मोबाईलवर वारली चित्र काढून घेऊन आले. वारलीत तारपा वाजवणारा मध्ये आणि त्याच्याभोवती हात धरून नाचणाऱ्यांचा फेर. यात सगळ्यांच्याच हातात तारपा, फेर अर्ध्यात तुटलेला आणि चेहऱ्यांवर डोळे, हसू वगैरे! वारली माणसाला कुठे असतं हसू, दोन त्रिकोण आणि वर गोल डोकं एवढंच. काका म्हणाले छान दिसतंय की. वारलीला 2014 ला जीआय टॅग, म्हणजे ही कला याच भागातली अशी सरकारी नोंद, मिळालाय, वारलींचं पालघर तर तोपर्यंत आपल्याच जिल्ह्यात होतं, पण कुणाच्या भिंतीवरची चित्रं उचलून ते मशीन शिकलं हे काकांना माहीत नाही आणि मलाही कळायला मार्ग नाही.

म्हणून म्हणतो, कापूरबावडीच्या कला भवनात किंवा मॉलमध्ये एआय चित्रांचं प्रदर्शन लागलं तर शेजारच्या पाटीवर जसं कॅनव्हासवर तैलरंग लिहितात तसं मशीन कशावर शिकलं, ते फोटो किंवा चित्रं कुणाची, त्यांना विचारलं होतं का, एवढं लिहायला लावा. तुमच्या वार्ताहरांनीही आर्टिस्टला आधी हेच विचारावं, किंमत नंतर.

आणि हो, तुमच्या रविवार पुरवणीत हल्ली जी गुळगुळीत चित्रं येतात, खाली कुणाचं नाव नसतं, ती कुठून येतात तेही एकदा छापून टाका.

आपला,
एक डीटीपीवाला, नौपाडा, ठाणे