नुसतं 'को-ऑप आहे' लिहून भागत नाही

मा. संपादक,
स.न.वि.वि.

तुमच्या पुरवणीत अधूनमधून गेम्सची परीक्षणं येतात ती मी आवर्जून वाचतो. पेपरात या विषयाला जागा मिळतेय हेच बरं वाटतं, नाहीतर आधी गेम म्हटलं की पोरं बिघडली एवढीच बातमी असायची. पण एक तक्रार आहे आणि ती जरा सविस्तर लिहितोय, काटछाट करायची असेल तर खुशाल करा पण मधला भाग तेवढा ठेवा.

झोंबी सर्व्हायव्हल गेमबद्दल लिहिताना तुमचे परीक्षक ग्राफिक्सवर लिहितात, स्टोरीवर लिहितात, झोंबी किती भयंकर दिसतात ते लिहितात, आणि एकदम शेवटी एक ओळ, "मित्रांसोबत को-ऑपमध्येही खेळता येतो". झालं. को-ऑप म्हणजे मित्रांनी मिळून, एकाच बाजूने खेळणं. अहो पण आमच्यासारखे लोक हा गेम घेतातच मुळी त्या एका ओळीसाठी! एकट्याने रात्री दोन वाजता झोंबी मारत बसायची हौस सगळ्यांना नसते, चार मित्र वेगवेगळ्या गावांना पांगलेले असतात, भेटी होत नाहीत, मग हेडफोन लावून एकत्र कुठल्यातरी पडक्या घरात दारंखिडक्या फळ्या ठोकून बंद करत गप्पा मारायच्या, ही खरी मजा. आणि ती मजा मिळणार की नाही हे त्या एका ओळीवरून अजिबात कळत नाही, कारण को-ऑप को-ऑपमध्ये जमीनअस्मानाचा फरक असतो.

सोप्यात सोपं काय असतं ते आधी सांगतो. लेफ्ट फोर डेड २००८ ला आला आणि त्याचा दुसरा भाग लगेच २००९ ला. इतका जुना गेम, पण आजही स्टीमवर (पीसीवरचे गेम विकणारं ऑनलाइन दुकान) फ्रेंड लिस्टमध्ये मित्राच्या नावावर क्लिक करा, जॉईन गेम म्हणा, संपला विषय. चार जणांची टीम, कोणी कमी असेल तर त्याच्या जागी बॉट, म्हणजे कॉम्प्युटरच, खेळतो, कोणाच्या घरची लाईट गेली तरी बाकीच्यांचा गेम थांबत नाही, बॉट त्याचं पात्र सांभाळतो आणि हा परत आला की आपली जागा ताब्यात घेतो. आणि गेम बनवलाय पण तसाच, म्हणजे हंटर नावाचा झोंबी अंगावर झेपावला की तुम्ही कीबोर्डवर काहीही बडवा, सुटका नाही, दुसऱ्या कोणीतरी येऊन त्याला ढकललं किंवा गोळी घातली तरच वाचता. त्यामुळे शहाणपणा करून एकटा पुढे पळणारा मित्र पहिला मरतो, आणि मग मागून बाकीचे येईपर्यंत त्याची जी काय आरडाओरड चालते ती ऐकण्यासारखी असते.

आता नंतरचे गेम बघा. डाईंग लाईट २०१५ चा, चार जणांचा को-ऑप, बरोबर आहे, पण सुरुवातीचा प्रोलॉग प्रत्येकाने एकट्याने संपवल्याशिवाय को-ऑप उघडतच नाही. २०२२ च्या दुसऱ्या भागातही तेच. म्हणजे होतं काय, चौघांनी शनिवारची रात्र ठरवलेली असते, चौघं व्हॉइस कॉलवर आलेले असतात, आणि चौघंही आपापल्या स्क्रीनवर एकेकटे तोच तो भाग खेळतायत, जो पुढे गेलाय तो बाकीच्यांना पुढे काय होतं ते सांगून शिव्या खातोय, आणि एकाचं डाउनलोडच अजून चाललंय. ज्याला हे आधी माहीत असतं तो आदल्या दिवशीच सांगून ठेवतो की बाबांनो तेवढा भाग उरकून या. पण माहीत कुठून होणार, परीक्षणात लिहिलेलं नसतं ना.

बरं एवढं करून आत गेलात तरी डाईंग लाईट २ मध्ये स्टोरी पुढे सरकते ती फक्त होस्टची, म्हणजे ज्याच्या गेममध्ये बाकीचे येतात त्याची. बाकीच्यांना लूट मिळते, एक्सपी (अनुभवाचे गुण) मिळतो, पण स्वतःचा गेम उघडला की मिशन जिथे होतं तिथेच. ज्याला स्टोरीशी देणंघेणं नाही त्याला चालून जातं, पण ज्याला आहे त्याने तीच मिशनं परत एकट्याने खेळायची? स्टेट ऑफ डिके २ मध्ये आणखी वेगळं, तिथे तुम्ही तुमच्या वस्तीतला माणूस घेऊन मित्राच्या जगात मदतीला जाता, होस्टपासून फार लांब जाता येत नाही, आणि तो माणूस तिथे मेला की तुमच्या स्वतःच्या वस्तीतूनही गेला, कायमचा. मला व्यक्तिशः हे आवडतं, मदतीला जाण्यात काहीतरी जोखीम पाहिजेच, पण हे आधी सांगायला नको का? डेड आयलंड २ आला २०२३ मध्ये, त्यात को-ऑप तीन जणांचा. आमच्यासारखा चौघांचा ग्रुप असेल तर एकाला सरळ घरी बसवायचं, आणि कोणाला बसवायचं यावरून जे भांडण होतं ते झोंबींपेक्षा वाईट.

आणि सगळ्यात जास्त गोंधळ ज्या गेममध्ये होतो तोच नेमका माझा सगळ्यात आवडता, प्रोजेक्ट झॉम्बॉइड. वरून तिरकं दिसणारं जग, केंटकी राज्यातला एक काल्पनिक परगणा, आणि गेम सुरू होतानाच सांगतो की तुम्ही कसे मेलात त्याची ही गोष्ट. वाचणार नाही आहात हे ठरलेलंच, किती दिवस काढता तेवढाच प्रश्न. स्टीमवर तो २०१३ पासून आहे, पण बिल्ड ४१ मध्ये (बिल्ड म्हणजे गेमची आवृत्ती) मल्टिप्लेअर, अनेकांनी एकत्र खेळणं, आलं ते डिसेंबर २०२१ मध्ये, आणि तेव्हा कुठे लोकांची झुंबड उडाली. मग डिसेंबर २०२४ ला बिल्ड ४२ अनस्टेबल, म्हणजे अजून चाचणीतली, म्हणून बाहेर आली, नवीन प्राणी, नवीन नकाशा, सगळं, फक्त मल्टिप्लेअर तेवढं नव्हतं! म्हणजे ज्याने उत्साहाने स्टीमच्या बीटा टॅबमध्ये जाऊन ४२ घेतली तो ४१ वाल्या मित्रांच्या सर्व्हरवर (ज्या कॉम्प्युटरवर सगळ्यांचं जग चालतं) येऊ शकत नाही, त्याला परत मागच्या व्हर्जनवर यावं लागतं. ग्रुपमध्ये असा एक उत्साही असतोच.

व्हर्जन जुळलं की मग मॉड, म्हणजे चाहत्यांनी बनवलेली गेममधली भर. सर्व्हरवर जे मॉड लावलेत ते स्टीमच्या वर्कशॉपमधून आपोआप उतरतात खरे, पण एखादा मॉड मध्येच अपडेट झाला आणि सर्व्हर चालू राहिला जुन्यावर, की मग आत शिरता शिरता मेसेज येतो, तुमची फाइल सर्व्हरवरच्या फाइलशी जुळत नाही, आणि बाहेर. यावर उपाय काही मोठा नाही, होस्टने सर्व्हर बंद करून परत सुरू करायचा, नाहीच झालं तर ज्याला अडचण आहे त्याने तो मॉड अनसबस्क्राइब करून पुन्हा घ्यायचा. पण हे पहिल्यांदा करणाऱ्याला वाटतं गेमच बिघडला. माझं मत विचाराल तर पहिले काही आठवडे एकही मॉड लावू नये, गेममध्ये एवढं आहे की गरज पडत नाही, पण माझं ऐकतो कोण, पहिल्याच दिवशी कोणालातरी नवीन गाड्या हव्या असतात.

आत आल्यावरसुद्धा एकत्र येणं हा वेगळाच प्रकार आहे. एकाने सुरुवातीला रोझवूड निवडलं, दुसऱ्याने वेस्ट पॉइंट, तर मध्ये चालत जायचं अंतर इतकं आहे की गाडी मिळाली नाही तर पहिली रात्र त्यातच जाते. तेव्हा सगळ्यांनी एकच गाव घ्यायचं, हे आधी बोलून ठरवायचं. क्यू दाबला की तुमचं पात्र ओरडतं आणि आजूबाजूचे सगळे झोंबी तिकडे वळतात, नवीन मित्र हमखास मला शोधा म्हणून क्यू दाबतो. झोपेचंही तसंच, एकट्याने खेळताना झोपलं की वेळ भराभर जातो, पण सर्व्हरवर झोप मुळात बंद असते आणि चालू केलीत तर सगळ्यांनी एकाच वेळी झोपलं तरच रात्र लवकर सरते, एक जण जागा राहून कपाटं उचकत बसला की बाकीच्यांनी अंधारात नुसतं बसून राहायचं. आणि मेलात चावा बसून, की नवीन पात्र घेऊन परत येता येतं, पण तुमचं जुनं शरीर झोंबी होऊन तुमचीच बॅग पाठीला लावून फिरत असतं. कुऱ्हाड, डबाबंद अन्न, औषधं सगळं त्यात. मग मित्रांसोबत जाऊन स्वतःलाच मारायचं आणि सामान परत घ्यायचं. हा प्रसंग दुसऱ्या कुठल्या करमणुकीत मिळतो सांगा!

यात होस्ट हा वेगळा मुद्दा आहे. मेनूत होस्ट बटण दाबून जो गेम सुरू होतो तो होस्टच्या कॉम्प्युटरवर चालतो, त्याने गेम बंद केला की सगळ्यांचं जग बंद. तो लग्नाला गेला, आजारी पडला, त्याची परीक्षा आली, की बाकीच्यांनी शेतात लावलेला कोबी तसाच अडकून. यावर डेडिकेटेड सर्व्हर हा उपाय, कोणाचा तरी जुना कॉम्प्युटर चोवीस तास चालू ठेवायचा किंवा भाड्याने घ्यायचा. पण घरून चालवायचा म्हटलं की राउटरवर पोर्ट (बाहेरून आत यायची दारं) उघडावे लागतात, या गेमचे यूडीपी १६२६१ आणि १६२६२, आणि इथेच बरेच जण हात टेकतात.

कारण कसंय, बऱ्याच इंटरनेट कंपन्या आता एकच पब्लिक आयपी अॅड्रेस (इंटरनेटवरचा पत्ता) अनेक ग्राहकांमध्ये वाटतात, त्याला सीजीनॅट म्हणतात. तुम्ही घरच्या राउटरवर कितीही पोर्ट उघडा, कंपनीच्या पलीकडच्या दारावर कोणी उघडतच नाही. ओळखायचं कसं, तर राउटरच्या पानावर जाऊन वॅन आयपी (राउटरचा बाहेरच्या बाजूचा पत्ता) बघायचा. तो १००.६४ पासून १००.१२७ पर्यंतच्या आकड्यांनी सुरू होत असेल तर समजायचं की आपण सीजीनॅटच्या मागे आहोत, ही रेंज २०१२ पासून त्याच कामासाठी राखून ठेवलेली आहे. मग पोर्टच्या मागे लागून रात्र घालवू नये, कंपनीकडे स्वतंत्र आयपी मागावा, किंवा सगळ्यांचे कॉम्प्युटर एकाच घरात असल्यासारखे जोडणारं व्हर्च्युअल लॅनचं सॉफ्टवेअर सगळ्यांनी टाकावं, किंवा ज्याच्याकडे असला प्रकार नाही त्याला होस्ट करावं. कन्सोलवाल्यांचंही (प्लेस्टेशन, एक्सबॉक्स) तेच दुखणं दुसऱ्या नावाने, सेटिंगमध्ये नॅट टाइप (बाहेरच्यांना जोडायला किती मोकळीक आहे ते) स्ट्रिक्ट दिसला की दोन स्ट्रिक्टवाल्यांची आपापसात सहसा गाठ पडत नाही, निदान एक जण ओपन लागतो. शिवाय कन्सोलवर विकत घेतलेल्या गेममध्येसुद्धा ऑनलाइन खेळायला बहुतेकदा वेगळी वर्गणी लागते, आणि क्रॉसप्ले नसेल तर पीसीवाला आणि कन्सोलवाला एकत्र येऊच शकत नाहीत, दोघांनी तोच गेम विकत घेतला तरी. २०२१ च्या बॅक फोर ब्लडमध्ये क्रॉसप्ले पहिल्या दिवसापासून होता, म्हणजे करायचं म्हटलं तर करता येतं.

वेळेचाही प्रश्न असतो, तोही कोणी लिहीत नाही. सेव्हन डेज टू डाय मध्ये दर सातव्या दिवशी रात्री दहाला ब्लड मून लागतो आणि पहाटे चारपर्यंत झोंबींचे लोंढे येतात. गेममधला एक दिवस मूळ सेटिंगला खऱ्या एका तासाचा, म्हणजे साधारण सात तास खेळलं की एक हल्ला. आता ज्यांना आठवड्यातून एकच संध्याकाळ दोन तास मिळते त्यांच्या ग्रुपने किती आठवड्यांनी ब्लड मून बघायचा ते तुम्हीच मोजा, आणि नेमकं त्या दिवशी भिंत बांधणारा गैरहजर. सेटिंग बदलून दिवस छोटामोठा करता येतो हे माहीत असलं तर सोय होते.

पालकांसाठी म्हणूनही दोन शब्द, कारण तुमचा पेपर घरातले सगळे वाचतात. यातल्या बहुतेक गेममध्ये लॉबी (खेळाडू जमतात ती जागा) फक्त मित्रांपुरती ठेवता येते किंवा सर्व्हरला पासवर्ड लावता येतो. मुलगा अनोळखी लोकांशी बोलतोय का वर्गातल्या मित्रांशी, हे त्या एका सेटिंगवर असतं, आणि रक्त किती सांडतं यापेक्षा मला तरी ते जास्त महत्त्वाचं वाटतं.

तेव्हा विनंती एवढीच की परीक्षकांना सांगा, गेम एकट्याने संपवून लिहू नका, निदान एक मित्र घेऊन बसा. किती जण एकत्र खेळू शकतात, को-ऑप पहिल्या मिनिटापासून आहे का मध्ये काही संपवावं लागतं, प्रगती कोणाची सेव्ह होते, होस्ट गेला तर काय, पीसी आणि कन्सोल जुळतात का, एवढं चार ओळीत मावतं. जागा नाही म्हणाल तर ते साडेतीन स्टार छापता ना, ते काढा, तेवढ्यात बसेल.

कळावे,
आपला नियमित वाचक
(आणि ग्रुपमधला कायमचा होस्ट)